घरची लेखा, शाळेतली लेखा : सुप्रिया केळकर यांच्या बालकादंबऱ्यांतील स्थलांतरित कुटुंब आणि सांस्कृतिक अस्मिता

स्थलांतरित कुटुंबातील मूल हा विषय अमेरिकेतील इंग्रजी बालसाहित्यात आता चांगलाच स्थिरावला आहे. मात्र त्या मुलाचे आडनाव मराठी असणे ही गोष्ट अजूनही विरळाच म्हणावी लागेल. सुप्रिया केळकर यांच्या ‘अमेरिकन ॲज पनीर पाय’ (२०२०) या बालकादंबरीची नायिका लेखा दिवेकर ही अशी एक मुलगी आहे. तिचे आडनाव वाचताच मराठी वाचकाला ती ओळखीची वाटते. परंतु ती वाढते मिशिगन राज्यातील एका लहान गावात, आणि तिच्या शाळेत हे आडनाव कोणाच्याही ओळखीचे नाही. या विसंगतीतून जे प्रश्न उभे राहतात, त्यांचा विचार प्रस्तुत लेखात केला आहे. हे प्रश्न केवळ परदेशस्थ मराठी कुटुंबांपुरते मर्यादित नाहीत. वसई-विरारसारख्या, स्थलांतरितांच्या बळावर वाढलेल्या नगरातील अध्यापकांनाही ते रोजच्या वर्गात भेटत असतात.

केळकर यांचा जन्म आणि वाढ अमेरिकेच्या मध्यपश्चिम भागातील. आठवड्याला तीन हिंदी चित्रपट पाहत आपण लहानपणी हिंदी शिकलो, असे त्या स्वतःच्या परिचयात नोंदवतात. पुढे त्यांनी ‘लगे रहो मुन्नाभाई’ (२००६) आणि ‘एकलव्य : द रॉयल गार्ड’ (२००७) या चित्रपटांच्या लेखनचमूत काम केले. बालसाहित्यात त्यांचे पदार्पण ‘अहिंसा’ (२०१७) या कादंबरीने झाले. ‘ली अँड लो’ या प्रकाशनसंस्थेच्या ‘न्यू व्हिजन्स’ पुरस्काराने या कादंबरीच्या हस्तलिखिताचा गौरव झाला होता. त्यानंतर ‘द मेनी कलर्स ऑफ हरप्रीत सिंग’ (२०१९) व ‘बिंदूज बिंदीज’ (२०२१) ही चित्रपुस्तके, १८५७ च्या पार्श्वभूमीवरील ‘स्ट्राँग ॲज फायर, फियर्स ॲज फ्लेम’ (२०२१) आणि ‘दॅट थिंग अबाउट बॉलिवूड’ (२०२१) या कादंबऱ्या अशी त्यांची पुस्तके क्रमाने आली. अल्पावधीत एवढे वैविध्य क्वचितच आढळते. तथापि या सर्व लेखनामागे एकच सूत्र दिसते. आपण कोण आहोत हे मुलाने लपवायचे की बोलून दाखवायचे, हा तो प्रश्न होय.

पार्श्वभूमी

अमेरिकेतील बालसाहित्याचा सर्वांत मानाचा न्यूबेरी पुरस्कार १९२८ मध्ये धनगोपाल मुखर्जी या भारतीय लेखकाला मिळाला होता, ही बाब आपल्याकडे फारशी कोणाच्या स्मरणात नाही. मुखर्जी १९१० मध्ये कॅलिफोर्नियात शिक्षणासाठी गेले आणि तिथेच लेखक झाले. परंतु पुरस्कारप्राप्त ‘गे-नेक’ ही कथा एका कबुतराची आहे; तिचा परिसर कोलकाता, हिमालय आणि पहिल्या महायुद्धाची रणभूमी हा आहे. अमेरिकेत राहणारे भारतीय मूल त्या काळात कथेचा विषय होऊ शकत नव्हते, कारण तशी मुलेच मोजकी होती. १९१७ च्या कायद्याने आशियातील बहुतेक भागांतून होणारे स्थलांतर रोखले. १९२३ च्या भगतसिंग थिंद खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने भारतीयांना नागरिकत्वास अपात्र ठरवले. १९४६ मध्ये दार किलकिले झाले, तेही वर्षाला शंभर जणांपुरते. ते खऱ्या अर्थाने उघडले १९६५ च्या स्थलांतर कायद्याने. अभियंते, डॉक्टर, संशोधक यांची पिढी त्यानंतर गेली. त्यांची मुले तिथे जन्मली, शाळेत गेली, आणि वाचू लागल्यावर त्यांना आपल्यासारखे कोणीही पुस्तकात दिसेना.

योगायोग असा की, त्याच १९६५ मध्ये नॅन्सी लॅरिक यांनी अमेरिकन बालपुस्तकांचे जग संपूर्ण गोऱ्यांचे आहे असे दाखवून देणारा लेख लिहिला. त्यांचा रोख कृष्णवर्णीय मुलांच्या अनुपस्थितीवर होता. पुढे १९९० मध्ये रुडीन सिम्स बिशप या अभ्यासिकेने पुस्तकांसाठी आरसा, खिडकी आणि सरकते काचदार या प्रतिमा योजल्या. मुलाला काही पुस्तकांत स्वतःचे प्रतिबिंब दिसावे, काहींतून दुसऱ्याचे जग दिसावे आणि काहींमधून त्या जगात पाऊलही टाकता यावे, असा त्यांचा आशय होता. या मांडणीचा उल्लेख आता इतका सर्रास होतो की तिची धार बोथट झाली आहे. तरीही केळकर यांच्या लेखनाकडे पाहताना ती टाळता येत नाही. तीन-तीन हिंदी चित्रपट पाहणाऱ्या मुलीला आरसा पुस्तकांत मिळाला नाही, तो पडद्यावर शोधावा लागला, हे या मांडणीचे उत्तम उदाहरण ठरते.

केळकर यांच्याआधीही ही वाट चोखाळली गेली होती. भावनगरमध्ये जन्मलेल्या आणि बालपणाचा काही काळ मुंबईत काढलेल्या कश्मीरा शेठ यांची ‘ब्लू जॅस्मिन’ (२००४) ही कादंबरी भारतातून आयोवा राज्यात गेलेल्या सीमा या मुलीची गोष्ट सांगते. सीमा ही स्वतः स्थलांतर केलेली मुलगी आहे. मागे राहिलेले घर आणि समोर आलेले घर या दोहोंमधील अंतर ती प्रत्यक्ष पार करते. लेखा दिवेकरची स्थिती निराळी आहे. तिने कोणतेही अंतर पार केलेले नाही. ती जिथे जन्मली तिथेच राहते, आणि तरीही तिला परकी ठरवले जाते.

दोन लेखा

‘अमेरिकन ॲज पनीर पाय’मधील लेखा स्वतःचे दोन भाग करून जगते. घरची लेखा हिंदी चित्रपट पाहते, भारतीय पदार्थ आवडीने खाते. शाळेतली लेखा कोणत्याही वादात पडत नाही, भारतीय म्हणून कोणी चिडवले तर गप्प राहते आणि कपाळावर केस ओढून पिनेने बसवते. हे केस बसवण्याचे कारण कादंबरीतील सर्वांत बोलका तपशील आहे. लेखाच्या कपाळावर टिकलीसारखी दिसणारी जन्मखूण आहे.

या जन्मखुणेवर थोडे थांबणे आवश्यक आहे. टिकली लावता येते तशी काढताही येते. शाळेत जाताना पुसावी, घरी आल्यावर लावावी, हा मार्ग अनेक स्थलांतरित स्त्रियांनी आणि मुलींनी अनुसरलेला आहे. त्यामागे भीतीचा इतिहासही आहे. १९८७ मध्ये न्यू जर्सीतील जर्सी सिटी येथे ‘डॉटबस्टर्स’ या नावाने एका टोळीने भारतीयांवर हल्ले केले. त्या नावातील ‘डॉट’ म्हणजे भारतीय स्त्रियांच्या कपाळावरील टिकलीच होती. लेखाला मात्र ही सोय नाही. तिची टिकली त्वचेतच आहे. सांस्कृतिक ओळख ही निवडीची गोष्ट आहे असे आपण सहजपणे म्हणतो, परंतु ज्याच्या चेहऱ्यावरच ती लिहिलेली आहे त्याला निवड कितपत असते? केळकर हा प्रश्न कोठेही सिद्धांताच्या भाषेत विचारत नाहीत. एका पिनेतून तो उभा राहतो. बालसाहित्याने वैचारिक काम कसे करावे याचा हा चांगला नमुना आहे.

‘हरप्रीत सिंग’ या चित्रपुस्तकातही देहावर दिसणारी खूणच मध्यवर्ती आहे. हरप्रीत मनःस्थितीप्रमाणे पटक्याचा रंग बदलतो. कुटुंब दूरच्या बर्फाळ शहरात राहायला गेल्यावर त्याचे आनंदी रंग मागे पडतात. पटका तो काढत नाही. बदलतो तो फक्त रंग. लेखा आपली खूण झाकते आणि हरप्रीत ती मिरवतो, असा सोपा विरोध मांडण्याचा मोह येथे होऊ शकतो. वस्तुतः दोन्ही मुले एकच काम करीत आहेत. इतरांना आपण किती दिसावे, याचे माप ती ठरवीत आहेत.

अवंतिका आणि उच्चारांचा प्रश्न

कादंबरीला खरी कलाटणी मिळते ती अवंतिकाच्या आगमनाने. लेखाच्या घरासमोर तिच्याच वयाची भारतीय मुलगी राहायला येणार असते. आपल्याला समजून घेणारे कोणी तरी आले म्हणून लेखा हरखते. परंतु अवंतिका बोलू लागताच तिचे इंग्रजी उच्चार भारतीय आहेत हे लेखाच्या लक्षात येते, आणि तिचा आनंद ओसरतो. अवंतिका नुकतीच भारतातून आलेली आहे. ती घरी जशी असते तशीच शाळेत असते. आपली संस्कृती उघडपणे वागवते, आणि कोणी चिडवले तर ऐकून घेत नाही.

स्थलांतराविषयीच्या बहुसंख्य कथांत संघर्ष हा ‘आपण’ आणि ‘ते’ यांच्यातला असतो. येथे तो ‘आपण’मध्येच आहे. अमेरिकेतील भारतीयांच्या बोलीत दोन उपहासात्मक संज्ञा रूढ आहेत. तिथे जन्मलेल्यांना ‘एबीसीडी’, म्हणजे अमेरिकेत जन्मलेले गोंधळलेले देशी, म्हटले जाते. नव्याने आलेल्यांना ‘एफओबी’, म्हणजे नुकतेच बोटीवरून उतरलेले. विमानाने आलेल्यांना बोटीची उपमा मिळावी यातच तो उपहास आहे. १९६५ नंतर गेलेल्या पिढीच्या मुलांना १९९० च्या कायद्याने निर्माण झालेल्या ‘एच-१बी’ परवान्यावर येणारी कुटुंबे आपल्याला मागे खेचणारी वाटू लागली, कारण शाळेतील गोरी मुले दोघांत फरक करीत नसत. लेखाची अढी ही या सामाजिक वास्तवातून आलेली आहे. ज्या गोष्टीसाठी तिला चिडवले जाते, तीच गोष्ट दुसऱ्या मुलीत दिसताच ती तिच्यापासून दूर सरकते. नायिकेला निर्दोष न ठेवण्याचे हे धैर्य केळकर यांनी दाखवले आहे, आणि कादंबरीचे मूल्य वाढते ते यामुळेच.

पुढे गावात एक वर्णद्वेषी घटना घडते आणि गप्प राहायचे की बोलायचे, हा निर्णय लेखाला घ्यावा लागतो. फेब्रुवारी २०१७ मध्ये कॅन्सस राज्यातील ओलेथ येथे ‘माझ्या देशातून चालते व्हा’ असे ओरडत एका भारतीय अभियंत्याची हत्या करण्यात आली होती. त्यानंतर तीन वर्षांनी प्रसिद्ध झालेली ही कादंबरी त्या काळातील भीतीपासून वेगळी काढता येत नाही. कादंबरीचा उत्तरार्ध काहीसा अपेक्षित वळणाने जातो, हे मान्य करावे लागेल. आवाज सापडणे हा अमेरिकन किशोरसाहित्यातील ठरीव शेवट आहे, आणि केळकर त्या साच्यातून पूर्णतः बाहेर पडत नाहीत. लेखाची अवंतिकेविषयीची लाज जितकी खोलवर उतरते, तितका तिचा जाहीर धीटपणा उतरत नाही.

पणजीचा वारसा

परदेशस्थ कुटुंबांच्या साहित्यात मायदेश बहुधा सणांच्या, पदार्थांच्या आणि आजीच्या गोष्टींच्या रूपाने येतो. तो नेहमी सुगंधी असतो. केळकर यांच्या ‘अहिंसा’ या कादंबरीने ही प्रथा मोडली आहे, आणि म्हणूनच ती लेखाच्या गोष्टीबरोबर वाचली पाहिजे.

या कादंबरीमागची प्रेरणा लेखिकेच्या पणजी अनसूयाबाई काळे या आहेत. अनसूयाबाई (जन्म १८९६) यांचे नाव नागपूर-विदर्भाच्या राजकीय इतिहासात सुपरिचित आहे. मध्य प्रांताच्या विधिमंडळाचे सदस्यत्व त्यांनी १९३० च्या सविनय कायदेभंगाच्या वेळी सोडले. १९३७ मध्ये त्या मध्य प्रांत व वऱ्हाड विधानसभेच्या उपसभापती झाल्या. १९४२ च्या चिमूर-आष्टी प्रकरणात फाशीची शिक्षा झालेल्यांचे प्राण वाचवण्यासाठी त्यांनी केलेली धडपड प्रसिद्ध आहे. स्वातंत्र्यानंतर १९५२ आणि १९५७ अशा दोन निवडणुकांत त्या नागपूरमधून लोकसभेवर गेल्या. अशा पणजीच्या पणतीने तिचे गौरवगीत लिहिले असते तर ते स्वाभाविक मानले गेले असते.

केळकर यांनी तसे केलेले नाही. ‘अहिंसा’ची नायिका अंजली ही दहा वर्षांची आहे, आणि काळ १९४२ चा. घरातील एक व्यक्ती चळवळीला द्यावी, हे गांधीजींचे आवाहन तिच्या घरी येते. वडील जातील अशी तिला भीती वाटते. प्रत्यक्षात आई जाते. विदेशी कपडे जाऊन खादी येते आणि अंजलीला आपले आवडते घागरे द्यावे लागतात. इथपर्यंतची कथा आपल्याकडील कोणत्याही स्वातंत्र्यलढ्यावरील बालकथेसारखी आहे. परंतु आई वस्तीतील दलितांशी संबंध जोडू लागते, तेव्हा अंजलीच्या मनातील विटाळाची कल्पना उघडी पडते. मोहन हा सफाईकाम करणारा मुलगा आहे. तो उपकाराचा विषय होण्यास नकार देतो, आणि ‘हरिजन’ या शब्दामागील कृपाभाव त्याला खटकतो. त्या निमित्ताने गांधींच्या जोडीने आंबेडकरांचा विचारही या बालकादंबरीत प्रवेश करतो.

परदेशात जन्मलेल्या मुलासमोर आपल्या पूर्वजांच्या संस्कृतीचे असे चित्र ठेवावे काय, यावर दुमत होऊ शकते. आधीच चिडवल्या जाणाऱ्या मुलाला जातिव्यवस्थेची ओळख करून दिली तर टीकाकारांच्या हाती आयते कोलीत मिळेल, असा आक्षेप घेता येतो, आणि तो अगदीच निराधार नाही. परंतु केळकर यांचे लेखन एकत्र वाचल्यास त्यांची भूमिका सुसंगत दिसते. गप्प राहण्याची सवय लेखाला जशी जडली आहे, तशीच ती अंजलीच्या घराला विटाळाच्या बाबतीत जडली होती. एका ठिकाणी मुलगी अन्याय सोसणाऱ्यांत आहे, दुसऱ्या ठिकाणी अन्याय करणाऱ्यांत. दोन्ही बाजूंना उभी असलेली मुलगी एकाच लेखिकेने रंगवली, यामुळे तिच्या साहित्यातील अस्मिता कुरवाळण्याची वस्तू होत नाही.

‘देसी’ म्हणजे कोण?

मराठी वाचकाला येथे एक प्रश्न पडल्यावाचून राहत नाही. या साऱ्यात मराठीपण कोठे आहे? लेखाचे आडनाव दिवेकर असले, तरी तिची ओळख प्रामुख्याने ‘भारतीय-अमेरिकन’ आणि ‘देसी’ अशी आहे. अवंतिका आपल्यासारखीच ‘देसी’ आहे, याचाच तिला आनंद होतो. कपाळावरच्या खुणेला तिच्या इंग्रजीत ‘बिंदी’ म्हणतात. टिकली हा शब्द मागे पडला आहे. ‘बिंदूज बिंदीज’मधील नातीला टिकल्यांच्या द्वारे जोडून ठेवणारी आजी ही ‘नानी’ आहे. हरप्रीत तर शीख आहे. केळकर यांच्या हिंदीचे मूळ चित्रपटगृहात असल्याने हे घडले असे म्हणणे सोपे आहे, परंतु कारण अधिक व्यापक असावे. जिथे गावात एकच भारतीय कुटुंब असते, तिथे मराठी, गुजराती, पंजाबी हे भेद टिकवायला माणसेच नसतात. बृहन्महाराष्ट्र मंडळाची १९८१ मध्ये झालेली स्थापना आणि उत्तर अमेरिकेत ठिकठिकाणी चालणाऱ्या मराठी शाळा यांच्यामागे हे भेद टिकवण्याचीच इच्छा आहे. पण तेवढी माणसे मोठ्या शहरांभोवतीच जमतात.

तरीही दिवेकर या आडनावात मराठीपण एका वेगळ्या अर्थाने शिल्लक आहे. ‘कर’ हा प्रत्यय लावून गावाच्या नावावरून पडलेले आडनाव ही मुळात स्थलांतराचीच नोंद असते. गावात राहणाऱ्याला त्या गावाच्या नावाने कोणी हाक मारत नाही, कारण तिथे सगळेच त्या गावचे असतात. गाव सोडून माणूस दुसरीकडे गेला, की मग तो ‘अमुककर’ होतो. लेखाचे कोणी पूर्वज केव्हा तरी कोठून तरी निघाले होते, हे तिच्या आडनावाने मिशिगनपर्यंत जपून नेले आहे.

विरारच्या वर्गातून पाहताना

विरार पूर्वेकडील मनवेलपाड्याच्या नावात ‘पाडा’ उरला आहे. वस्ती मात्र चाळी आणि इमारतींनी कधीच भरून गेली आहे. कोकणातून, घाटावरून, खानदेशातून आलेली मराठी कुटुंबे. उत्तर प्रदेश, बिहार, राजस्थान, गुजरात येथून आलेली कुटुंबे. आणि त्यांच्याआधीपासूनचे स्थानिक, अशी ही वस्ती आहे. मुंबईतील घर परवडेनासे झाले म्हणून लोक चर्चगेटच्या गाडीच्या शेवटच्या टोकाकडे सरकत गेले. २०११ च्या जनगणनेत वसई-विरार शहराची लोकसंख्या १२ लाखांहून अधिक नोंदली गेली. महानगरपालिका २००९ मध्ये आली, पालघर जिल्हा २०१४ मध्ये. येथील बहुतेक मुलांचे आजोळ दुसऱ्या तालुक्यात, दुसऱ्या जिल्ह्यात किंवा दुसऱ्या राज्यात आहे.

या मुलांतही घरचे मूल आणि शाळेतले मूल असे दोन भाग असतात. हिंदीभाषक घरातून आलेला विद्यार्थी ‘शाळा’ऐवजी ‘शाला’ आणि ‘फळा’ऐवजी ‘फला’ म्हणतो तेव्हा वर्गात हशा पिकतो. परंतु हशा केवळ परप्रांतीयाच्या वाट्याला येतो असे नाही. ‘पाणी’ला ‘पानी’ म्हणणाऱ्या ग्रामीण मराठी मुलालाही तो सोसावा लागतो. वसईचा मूळ रहिवासी असलेल्या ज्या मुलाच्या घरी सामवेदी किंवा वाडवळी बोलली जाते, तोही शाळेच्या उंबरठ्यावर आपली बोली काढून ठेवतो आणि पाठ्यपुस्तकातील मराठी अंगावर चढवतो. म्हणजे ज्याने स्थलांतर केलेच नाही त्याच्यावरही लेखासारखी वेळ येते. हे साधर्म्य महत्त्वाचे आहे. परकेपणासाठी प्रवास करावाच लागतो असे नाही. शाळेची भाषा आणि घरची भाषा यांच्यात उतरंड असली की पुरे.

महाराष्ट्रातील सर्व शाळांत मराठी शिकवणे २०२० च्या अधिनियमाने सक्तीचे झाले. त्याची आवश्यकता येथे वादाचा विषय नाही. राज्याची भाषा प्रत्येक मुलाला यावी हे रास्तच आहे. परंतु मूल ती शिकत असताना त्याच्या उच्चारांना वर्ग कसा प्रतिसाद देतो, हे कायद्याच्या आवाक्याबाहेरचे आहे. ते अध्यापकाच्या हाती असते. लेखा दिवेकरच्या कपाळावरील खुणेबद्दल तिला चिडवले जाते तेव्हा मराठी वाचक निःसंशय तिच्या बाजूला उभा राहतो. तोच वाचक विरारच्या वर्गात बहुसंख्याकांपैकी असतो. ‘ळ’ न जमणारा मुलगा तेथे अवंतिकेच्या जागी आहे, आणि हसणाऱ्या मुलांत कदाचित एखादी दिवेकरही असेल.

मराठी बालसाहित्यातील जागा

मराठीत स्थलांतराचे साहित्य कमी नाही. नारायण सुर्वे यांची कविता, दया पवार यांचे ‘बलुतं’ (१९७८) ही नावे सहज आठवतात. परंतु हे साहित्य प्रौढांचे आहे. बालसाहित्यात गाव सोडलेले मूल येते ते निराळ्या रीतीने. साने गुरुजींच्या ‘श्यामची आई’मधील (१९३५) श्याम शिक्षणासाठी घरापासून दूर जातो, पण कथेचे सारे लक्ष मागे राहिलेल्या पालगडच्या घरावर आणि आईवर केंद्रित आहे. भा. रा. भागवतांचा फास्टर फेणे फुरसुंगीहून पुण्याच्या विद्याभवनात येतो. खेड्यातून शहरातील शाळेत आलेला मुलगा ही स्थलांतरकथेची उत्तम सुरुवात होती. भागवतांना मात्र साहसकथा लिहायची होती, आणि ती त्यांनी झकास लिहिली. फुरसुंगीचा मुलगा पुण्यात कसा बोलतो, त्याला कोणी हसते का, हे त्यांच्या कथेला विचारावेसे वाटले नाही.

मुंबईत येणाऱ्या मुलाची अशी गोष्ट लिहिली ती कश्मीरा शेठ यांनी, तीही अमेरिकेत बसून इंग्रजीत. ‘बॉईज विदाउट नेम्स’ (२०१०) मधील गोपाळचे कुटुंब कर्जापायी गाव सोडून मुंबईत येते. कामाच्या आमिषाने फसवला गेलेला गोपाळ एका कोंदट कारखान्यात अडकतो. तिथे राबणाऱ्या मुलांना एकमेकांची नावेही ठाऊक होऊ दिली जात नाहीत. गोपाळ त्यांना रात्री गोष्टी सांगू लागतो, आणि हळूहळू एकेक मूल आपले नाव आणि गाव सांगते. लेखाच्या कपाळावरची खूण आणि या मुलांची नावे यांत फार अंतर नाही. एकीला आपली ओळख झाकावीशी वाटते, इतरांकडून ती काढून घेतली जाते. दोन्हीकडे ती परत मिळते ती सोबतच्या मुलाशी बोलल्यामुळे.

बालसाहित्य हा विषय पदवी स्तरावर जेथे अभ्यासाला आहे, तेथे ‘श्यामची आई’, ‘फास्टर फेणे’ आणि ‘अमेरिकन ॲज पनीर पाय’ ही पुस्तके एकत्र ठेवून शिकवता येतील. तिन्हींत घर सोडलेले किंवा घराबाहेर वेगळे ठरलेले मूल आहे, आणि तिन्हींत त्या मुलाने काय बोलायचे व काय गिळायचे याचे नियम निराळे आहेत. वसई-विरार परिसरातील विद्यार्थ्यांना त्यासोबत एक छोटा स्वाध्याय देता येईल : घरात बोलला जाणारा, पण शाळेत कधीही न उच्चारलेला एक शब्द लिहावा आणि तो कोणासमोर टाळला हे नोंदवावे. सामवेदी, आगरी, अहिराणी, मालवणी, भोजपुरी, मारवाडी अशा अनेक भाषा-बोलींतले शब्द एकाच वर्गात जमा होतील. त्या शब्दांभोवतीची गोष्ट मराठीत अद्याप फारशी लिहिली गेलेली नाही, आणि ती लिहू शकणारी मुले सध्या मनवेलपाड्यासारख्या वस्त्यांतून शाळा-महाविद्यालयांत येत आहेत.